हातांनी बोलणारं घर: तुमचे अनुभव लिहा

दहा कर्णबधिर मुलांपैकी नऊ तरी ऐकू येणाऱ्या आईवडिलांच्या घरी जन्मतात. पिढ्यान्‌पिढ्या कर्णबधिर असलेली घरं थोडीच. आमचं त्यातलं एक. अशा घरात वाढलेल्यांनी, लग्न होऊन आलेल्यांनीही लिहा.

माझ्यापासून सुरुवात करते. दिवे गेले की आमच्या गप्पा थांबायच्या. मग आजी माझा हात ओढून घ्यायची आणि माझ्या तळव्यावर तिच्या बोटांनी गोष्ट पुढे सुरू करायची. हीच आजी शाळेत हात मांडीखाली दाबून बसायची, कारण खुणा केल्या की छडी मिळे. १८८० मध्ये मिलानच्या शिक्षण-परिषदेनं कर्णबधिरांच्या शिक्षणातून खुणांची भाषा हद्दपार करायचं ठरवलं, त्याचे वळ तिच्या पिढीपर्यंत पोचले होते. २०१० मध्ये व्हँकुव्हरच्या परिषदेनं ते ठराव नाकारले. तेव्हा आजी नव्हती, याचं फार वाईट वाटतं.

~

घरात ऐकू येणारा मी एकटाच. आठव्या वर्षी डॉक्टरांचं बोलणं आईला मीच सांगत होतो. 'गाठ' हा शब्द मी गाळला. तिनं माझा चेहरा वाचला आणि हनुवटी धरून पुन्हा विचारलं. आमच्यासारख्या, कर्णबधिर आईवडिलांच्या ऐकू येणाऱ्या मुलांना 'कोडा' म्हणतात, हे मोठेपणी कळलं. ऐकू येणाऱ्यांत मी आजही पाहुण्यासारखाच बसतो. स्वप्नं मला खुणांत पडतात.

~

मी कर्णबधिर, माहेरी सगळ्यांना ऐकू येतं. जेवताना सगळे हसले की मी विचारायचे, काय झालं? "नंतर सांगते." ते नंतर कधी आलंच नाही. सासरी पहिल्याच दिवशी सासऱ्यांनी विनोद सांगितला तेव्हा माझं लक्ष ताटात होतं. त्यांनी टेबलावर थाप मारली, मी वर पाहिलं, आणि त्यांनी तो सगळा पहिल्यापासून सांगितला. फक्त माझ्यासाठी. रात्री नणंदेनं मला खुणेचं नाव दिलं: हनुवटीवरचा तीळ.

~

आम्हा दोघांना ऐकू येत नाही, मुलीलाही नाही. नातेवाईक विचारतात, ऐकू येण्यासाठीचं इम्प्लांट कधी? करूही, माझा विरोध नाही. पण "म्हणजे तिला भाषा येईल" असं म्हणतात ते मला सोसत नाही. दहाव्या महिन्यात तिनं मूठ उघडमीट करून दूध मागितलंय. रात्री यंत्र काढून ठेवल्यावरही तिला घरात सगळ्यांशी भांडता यावं, एवढं आम्ही ठरवलंय.