मदत हवी आहे : रॉकेट इंजिनाचं नॉझल वर्गात कसं समजावू?

नमस्कार मंडळी. मी चोपड्याला नववीला विज्ञान शिकवतो. प्रदर्शनासाठी मुलं इस्रोच्या सीई-२० या रॉकेट इंजिनाची प्रतिकृती करताहेत. तेलाच्या डब्याचा पत्रा कापून नॉझलही (जळालेला वायू बाहेर पडतो ते घंटेसारखं तोंड) झालं. त्याचं इंधन, म्हणजे द्रव हायड्रोजन, उणे २५३ अंशांवर ठेवतात हे ऐकून आमची ४५ अंशांच्या उन्हात वाढलेली पोरं गप्पच झाली!

अडलंय ते पुढे. इंजिन अंतराळात, निर्वातात चालायचं, म्हणून नॉझल एवढं मोठं. जमिनीवर चाचणी घेताना मात्र बाहेरच्या हवेच्या दाबाने आतला वायूप्रवाह भिंतीपासून सुटतो आणि नॉझल हादरतं. नोव्हेंबर २०२४ मध्ये तमिळनाडूतल्या महेंद्रगिरीला इस्रोने त्यासाठी खास संरक्षक व्यवस्था लावून चाचणी घेतली.

हे प्रवाह सुटणं पाण्याने किंवा हवेने दाखवता येईल का? कुणी केलं असेल तर कृपया साहित्यासकट सांगा. आमच्याकडे सायकलचा पंप आणि केळीच्या ठिबकच्या नळ्या आहेत.