अवमान याचिका कुठवर ताणायची?

दरखास्त : कोर्टाचा हुकूम पाळला नाही की ठोक अवमान याचिका, ही सवय चुकीची आहे असं माझं ठाम मत आहे. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यात दिवाणी अवमान म्हणजे दोनच गोष्टी : आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा, किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग. उशीर झाला, निधी आला नाही, आदेशाचे दोन अर्थ निघतात, एवढ्यावर 'हेतुपुरस्सर' सिद्ध होत नाही. शिवाय मूळ आदेशात नाही ते अवमानाच्या सुनावणीत मागता येत नाही. सुधीर वासुदेव खटल्यात (२०१४) सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट सांगितलं आहे. पैशाचा हुकूमनामा असेल तर दरखास्त, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, लावा. तात्पुरता मनाई हुकूम मोडला तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ३९, नियम २-अ आहे : मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद. ज्या कोर्टाने मनाई दिली तिथेच अर्ज चालतो, उच्च न्यायालय गाठावं लागत नाही.

गोदाकाठ : दावे-दरखास्तींपुरतं मान्य. पण रिट याचिकेत (सरकारविरुद्ध उच्च न्यायालयात थेट मागितलेली दाद) थकीत निवृत्तिवेतन द्यायचा आदेश झाला आणि सरकारी खातं हललंच नाही, तर प्रत्यक्षात हातात अवमानाशिवाय काय उरतं? लाकूड उद्योगांवरचा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश डावलून आरागिरण्यांना परवानग्या दिल्याबद्दल २००६ मध्ये महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिना कैद झाली होती. मंत्रालयाला तीच भाषा कळते. आणि मूळ आदेशाच्या हद्दीचंच म्हणाल, तर आदेश मोडून मिळवलेला फायदा पदरात ठेवू द्यायचा नाही, हेही सर्वोच्च न्यायालयानेच १९९६ मध्ये स्किपर कन्स्ट्रक्शन खटल्यात म्हटलं आहे. म्हणजे कोर्टाचे हात फक्त शिक्षेपुरते बांधलेले नाहीत.

सह्यवाडी : मुळात अवमान याचिका फसतात त्या आदेशाच्या शब्दांमुळे. 'अर्जदाराच्या निवेदनावर आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा' एवढाच आदेश घेतला, तर खातं सातव्या आठवड्यात 'अमान्य' लिहून मोकळं होतं. तो निर्णय बरोबर की चूक हे अवमानात तपासलं जात नाही, नव्याने दाद मागावी लागते (जे. एस. परिहार, १९९६). म्हणून मूळ याचिकेतच 'अमुक रक्कम, अमुक तारखेपर्यंत' अशी मागणी ठेवा. दुसरी खोट मुदतीची : अवमान कायद्याच्या कलम २० खाली एक वर्ष. आदेशात आठ आठवडे दिले असतील तर वर्ष ते आठवडे संपल्यावर सुरू होतं. स्मरणपत्रं पाठवत बसल्याने ते वाढत नाही. आदेशाची नक्कल मिळताच ज्याने पालन करायचं त्या अधिकाऱ्याच्या नावे पत्रासोबत द्या आणि आवक शिक्का घ्या. नाहीतर 'आदेश माहीतच नव्हता' हा बचाव त्याला आयता मिळतो.

गोदाकाठ : परिहारची पळवाट मलाही खुपते, तीच तर माझी तक्रार आहे. मुदतीच्या आदल्या दिवशी चार ओळींचं नकारपत्र काढायचं आणि वर्षांची लढाई पुन्हा पहिल्या पायरीवर. त्यात दंडाची कमाल मर्यादा २,००० रुपये. दिवाणी अवमानात दंड पुरेसा नसेल तरच कैद, असं कलम १२(३) म्हणतं. दोन हजाराला कुठला सचिव भिईल? ही रक्कम वाढवायलाच हवी.

दरखास्त : दंड वाढवा, माझा विरोध नाही. अधिकाऱ्यांना कोर्टात उभं करण्याला आहे. अलाहाबाद उच्च न्यायालयाने निवृत्त न्यायाधीशांच्या सुविधांवरून वित्त खात्याच्या सचिवांना ताब्यात घ्यायला लावलं. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये ते आदेश रद्द केले. आदेश मागे घ्यावा असा अर्ज सरकारने करणं म्हणजे अवमान नव्हे, हे तिथे ठरलं. ही हद्द पाळली नाही तर शेवटी याचिकाकर्त्याचंच नुकसान होतं, कारण वरच्या कोर्टात सगळं कोसळतं.

गोदाकाठ : अर्ज करावा की! पण तो प्रलंबित ठेवून वर्षभर पालन टाळायचं, याला काय म्हणायचं?

सह्यवाडी : त्यावर नियम स्वच्छ आहे. नुसतं अपील दाखल केल्याने आदेशाला स्थगिती मिळत नाही. मात्र स्थगितीचा अर्ज खरोखर सुनावणीला लागला असेल, तर आधी तो निकाली काढावा आणि मग अवमान घ्यावा, असं १९९५ च्या मॉडर्न फूड प्रकरणात म्हटलं आहे. तेव्हा खात्याच्या अपिलाचा क्रमांक मिळताच तिथे वकीलपत्र दाखल करून स्थगितीचा अर्ज लवकर बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) आणायची खटपट आपणच करायची. तो फेटाळला गेला की 'अपील चालू आहे' हे कारण उरत नाही.