अण्णांना हेलिकॉप्टरात बसवायचं की नाही

ग्रुप: अण्णांचा गोतावळा

आत्या (सकाळी ६:४८): सुप्रभात. अमेरिकेच्या ट्रिपची कालची यादी रात्री बघितली. ग्रँड कॅन्यनच्या हेलिकॉप्टरच्या यादीत अण्णांचं नाव आहे. कोणाला विचारून टाकलंत? दोन वर्षांपूर्वी स्टेंट बसलाय त्यांना. नायगाऱ्याला काय झालं ते विसरलात का सगळे?

मोठे काका: सुप्रभात. अण्णांनाच विचारून टाकलंय.

आत्या: भाऊ, अण्णा कशालाही हो म्हणतात. मला रात्रभर डोळा लागला नाही. २०१८ च्या फेब्रुवारीत ग्रँड कॅन्यनमध्येच हेलिकॉप्टर पडलं होतं. सात जण होते, पाच गेले. जरा वाचून बघा, मग नावं टाका.

धाकटी काकू: बापरे.

दादा अमेरिका: आत्या, नमस्कार. इथे संध्याकाळ झालीये, अजून ऑफिसातच आहे. घरी पोचलो की नीट लिहितो. तोवर सगळ्यांनी आपापलं वजन कळवा. अंगावरच्या कपड्यांसकट, किलोत चालेल. शुक्रवारी बुकिंग करायचंय.

आतोबा: वजन कशाला? कुस्तीचा फड आहे का?

दादा अमेरिका: आतोबा, तोल सांभाळायला. कोणी कुठे बसायचं ते तिथे वजनावरून ठरतं. चेक-इनला काट्यावर उभं करतातच.

मोठी काकू: म्हणजे मला खिडकी मागून मिळायची नाही?

दादा अमेरिका: नाही गं आई. पण मागची रांग जरा उंच असते, मधे बसलीस तरी पुढच्या काचेतून दिसतं.

धाकटे काका: माझं ८१.

ताई: ६४.

आतोबा: माझं ९२. आमच्या सौभाग्यवतींचं मी सांगत नाही, मला संसार करायचाय.

आत्या: मी काय विचारतेय आणि तुमचं काय चाललंय? विषय अण्णांचा आहे.

दादा अमेरिका (८:२०): घरी आलो. आत्या, तू लिहिलंस ते खरं आहे, मी ते लपवलेलं नाही. तो अपघात वेस्ट रिमच्या, म्हणजे दरीच्या पश्चिमेकडच्या कड्याच्या बाजूला, खाली दरीत उतरताना झाला. मागून येणारा वारा आणि दरीत खाली दाबणारी, घुसळणारी हवा यात शेपटीच्या पंख्याचा जोर गेला आणि ताबा सुटला, असं तपासात निघालं. पडल्यावर टाकी फुटून आग लागली. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये इथे कायदा झाला की नव्या बनणाऱ्या हेलिकॉप्टरना आदळली तरी सहज न फुटणारी टाकी हवीच. पण तो नव्यांना लागू आहे, जुनी उडतातच. म्हणून मी कंपनीला मेल करून विचारलं, आपल्याला मिळेल त्यात ती टाकी आहे का. आहे म्हणून लेखी आलंय. ते नसतं आलं तर मी यादीच केली नसती.

दादा अमेरिका: आता दोन पर्याय. एक, लास व्हेगासहून वेस्ट रिम. जाताना हूवर धरण आणि त्यामागचा जलाशय, लेक मीड, वरून दिसतो, आणि दरीत खाली उतरून अर्धा तास थांबतात. दुसरा, साउथ रिम म्हणजे दक्षिणेकडच्या कड्याजवळच्या टुसायान गावाहून. ते राष्ट्रीय उद्यानावरून जातं, पण कड्याच्या खाली उतरायला तिथे बंदी आहे. १९८६ मध्ये एक हेलिकॉप्टर आणि एक छोटं विमान तिथे हवेत धडकून २५ माणसं गेली. पुढच्याच वर्षी कायदा आला, मग टूरवाल्यांना उंची आणि मार्ग आखून दिले. वेस्ट रिमची जमीन तिथल्या हुआलापाई आदिवासींची आहे, उद्यानाची नाही. म्हणून तिथे उतरता येतं.

आत्या: म्हणजे जिथे नियम कडक तिथे न नेता जिथे सैल तिथे अण्णांना न्यायचंय. छान.

दादा अमेरिका: आत्या, असं नाही गं. साउथ रिमच मुळात ७००० फुटांवर आहे. स्टेंट असलेल्या माणसाला त्या उंचीवर चालताना धाप लागू शकते. वेस्ट रिम त्यामानाने बरीच खाली. म्हणून अण्णांसाठी व्हेगासचा पर्याय धरला.

दादा अमेरिका: वजन कळवा. अजून सहा जण बाकी.

धाकटे काका: विम्याचं कोणी बघितलं का? माझ्या पॉलिसीत साहसी प्रकार वगळलेत. हेलिकॉप्टर त्यात धरतात की नाही ते एजंटकडून लिहून घ्या. तोंडी हो म्हणतात आणि वेळ आली की हात वर करतात.

मोठी काकू: खेचरावरून खाली जाता येतं म्हणे. ते नको का बघायला?

ताई: काकू, एकोणिसाव्या शतकापासून नेतात खेचरांवरून. पण तासन्‌तास खोगिरावर बसायचं आणि एका बाजूला दरी. तुमचे गुडघे?

मोठी काकू: नुसतं विचारलं. विचारायची पण चोरी.

वहिनी अमेरिका: आत्या, मी लिहू का? आम्ही दोघं गेल्या ऑक्टोबरात टुसायानहून गेलो होतो. खरं ते सांगते. आधी बराच वेळ खाली नुसतं पाइनचं जंगल, झाडांचे शेंडे अगदी पायाखाली. हेडफोनमध्ये पायलट काहीतरी सांगत असतो. आणि एकाएकी जमीन संपते. झाडाचा शेवटचा शेंडा मागे जातो आणि खाली मैलभर काहीच नाही. तांबडं, जांभळं, थराखाली थर, आणि पार तळाला दोऱ्याएवढी नदी. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. आणि परत वळताना उलटी झाली. सीटसमोरच्या पिशवीत. पायलटने मागे वळून न बघता अंगठा वर केला, ठीक आहात ना म्हणून. हेही सांगायला हवं. आम्ही दुपारी गेलो होतो, ऊन तापल्यावर हवा उसळते. सकाळची पहिली वेळ घ्या, पोट हलकं ठेवा, गोळी आधी घ्या. आणि कपडे गडद घाला. पांढरा शर्ट असला की काचेत त्याचंच प्रतिबिंब फोटोत येतं.

ताई: वहिनी, किती छान लिहिलंस.

आत्या: तुझ्या वयाला उलटी झाली. अण्णा अठ्ठ्याहत्तरचे आहेत.

ताई: मला एक वेगळंच म्हणायचंय. त्या दरीत हवासुपाई आदिवासींचं गाव आहे, पायी उतरणारे लोक शांततेसाठी येतात, आणि डोक्यावर दिवसभर भरभर. या टूरच्या फेऱ्यांवर सरकारला वर्षाची मर्यादा घालावी लागली. आपण सगळ्यांनीच जायला हवं का? कड्यावर बसून नाही का बघता येत? मी नाही बसणार. माझे पैसे धरू नका.

मोठे काका: मग ६४ कशाला सांगितलंस?

ताई: सगळे सांगत होते म्हणून.

दादा अमेरिका: तुझा मुद्दा बरोबर आहे ताई. व्हेगासचा मार्ग घ्यायचं तेही एक कारण. जिथे उतरतात ती जमीन हुआलापाईंची, आणि त्या पर्यटनावर त्यांचं घर चालतं. काचेचा स्कायवॉकपण त्यांचाच, २००७ पासून. तुझं नाव काढतो. बाकीच्यांनी वजन कळवा.

धाकटी काकू: खर्चाचं स्पष्ट झालं तर बरं. आमच्याकडे दोघांचा हिशोब लावून ठेवावा लागतो.

दादा अमेरिका: व्हेगासहून उतरणारी फेरी मला माणशी ५१० डॉलर सांगितलीये. साउथ रिमला गाडीचे ३५ डॉलर. शिवाय २०२६ पासून परदेशी पाहुण्यांना तिथे माणशी १०० डॉलर जास्तीचे लावलेत, ते सोळा वर्षांखालच्यांना नाहीत. वेस्ट रिमचं तिकीट वेगळं, तिथे उद्यानाचा पास चालत नाही.

आतोबा: १०० डॉलर नुसते आत जायचे?

धाकटी काकू: मी कड्यावरच थांबीन. नाहीतरी सवय आहे.

मोठी काकू: म्हणजे गं?

धाकटी काकू: काही नाही काकू. नायगाऱ्याला अण्णांना चक्कर आली तेव्हा सगळे बोटीत होते. चार तास मी खोलीत त्यांच्या उशाशी होते. फोटोत मी कुठेच नाहीये. मी कधी बोलले नाही. पण वन्सं, आज तुम्ही नायगारा काढलात म्हणून लिहिलं. अण्णांची काळजी सगळ्यांनाच आहे.

आत्या: मी बोटीत होते कारण मला कोणी सांगितलंच नव्हतं. वर आल्यावर कळलं.

धाकटे काका: झालं गेलं सोडा. ग्रुपवर नको.

मोठे काका: सोडा नका म्हणू. तिने सांगितलं ते बरं केलं. चूक आमची होती. या वेळी अण्णांजवळ मी थांबतो. तू हेलिकॉप्टरात बसायचं, तुझे पैसे मी भरणार. ठरलं.

धाकटी काकू: तसं नव्हतं म्हणायचं भाऊजी.

मोठे काका: वजन सांग.

धाकटी काकू: ५७.

दादा अमेरिका: नोंदलं काकू.

आतोबा: कोणाला माहितीये का, त्या दरीतल्या डोंगरांना आपल्या देवांची नावं आहेत? विष्णू टेंपल, ब्रह्मा टेंपल, शिवा टेंपल. राम आणि कृष्ण यांच्या नावाचीही शिखरं आहेत. मला वाटलं कोणीतरी गंमत केलीये, पण नकाशात आहेत.

मोठी काकू: देवळं आहेत तिथे? मग ओटीचं सामान घ्यायला हवं.

ताई: देवळं नाहीत हो काकू, नुसते सुळके. १८८० च्या सुमाराला डटन नावाचा भूवैज्ञानिक तिथे काम करत होता. त्या सुळक्यांचे आकार बघून त्याला पूर्वेकडची मंदिरं आठवली आणि तो तशी नावं देत गेला. तळाच्या फार जुन्या काळ्या खडकालापण विष्णूचंच नाव आहे, विष्णू शिस्ट. सुमारे १७० कोटी वर्षांपूर्वीचा.

आतोबा: शेषशायी तळालाच असणार.

मोठी काकू: किती छान. मग ते तरी दिसेल ना हेलिकॉप्टरातून?

दादा अमेरिका: आई, व्हेगासच्या फेरीत नाही. विष्णू टेंपल पूर्वेला, उद्यानाच्या भागात आहे. पण साउथ रिमच्या कड्यावरून गाडीतून उतरून बाकावर बसलं तरी दिसतं. दरी ४४६ किलोमीटर लांब आहे, एका फेरीत सगळं होत नाही.

आत्या: मग प्रश्नच मिटला. अण्णांना कड्यावरून विष्णू दाखवा. हेलिकॉप्टर नको. मी मघापासून हेच म्हणतेय.

मोठे काका: म्हणजे कार्डिऑलॉजिस्टला न विचारताच तू ठरवलंस.

आत्या: आणि तुम्ही विचारून ठरवलंत का?

मोठे काका: गुरुवारची अपॉइंटमेंट आहे. वेळ कालच घेतली.

आत्या: हे आधी सांगायचं ना भाऊ.

धाकटे काका: विम्याचं लिहून घ्या. पुन्हा सांगतोय.

दादा अमेरिका: वजन. पाच जण.

अण्णा (९:५५): सर्वांना नमस्कार. हळूहळू टाइप करतो आहे, कोणी मध्ये लिहू नये.

अण्णा: मला कोणी विचारले नाही की मला काय बघायचे आहे. सांगतो. मी एकतीस वर्षे पाटबंधारे खात्यात होतो. कॉलेजात आमच्या प्राध्यापकांनी हूवर धरणाचा छेद फळ्यावर काढला होता. ७२६ फूट उंच, १९३५ साली लोकार्पण. काँक्रीट जमताना तापते, आपोआप निवायला शतकभर लागले असते, म्हणून त्यांनी आत लोखंडी नळ्या घालून गार पाणी फिरवले होते. त्या नळ्या मी त्या दिवशी वहीत निळ्या पेनाने काढल्या होत्या. ती वही आज नाही, पण तो छेद अजून डोळ्यांसमोर आहे.

अण्णा: धरण रस्त्यावरूनही दिसते, मला माहीत आहे. पण धरणाची कमान दोन्ही बाजूंच्या कड्यांत कशी रोवली आहे आणि मागे पाणी किती पसरले आहे, हे वरूनच कळते. लेक मीडच्या काठाला पांढरा पट्टा आहे. पाणी जिथपर्यंत होते आणि आता नाही, तो पट्टा. तो मला बघायचा आहे. कॅन्यन त्या वाटेवर पुढे येते, तीही बघेन. विष्णू कड्यावरून बघेन, बाकावर बसून.

अण्णा: डॉक्टर नाही म्हणाले तर मी बसणार नाही. तुझ्या जिवाला घोर लावून मला काही बघायचे नाही बाळ. पण ते हो म्हणाले तर अडवू नकोस. आणि नायगाऱ्याला माझ्या उशाशी जी बसली होती, तिला खिडकी मिळावी. वजनात बसत असेल तर.

अण्णा: माझे वजन ५९ किलो.

मोठी काकू: अण्णा.

वहिनी अमेरिका: अण्णा, आम्ही त्या दिवशी धरणावरून नाही गेलो. तुमच्याबरोबर मीपण येईन. गोळी घेऊन.

दादा अमेरिका: अण्णा, नमस्कार. सकाळची पहिली वेळ अडवून ठेवतोय. हवामानामुळे त्यांनी फेरी रद्द केली तर पूर्ण पैसे परत आहेत. आपण रद्द केली तर २४ तास आधीपर्यंत, असं त्यांच्या अटीत आहे. त्यामुळे गुरुवारी डॉक्टर काय म्हणतात बघू आणि शुक्रवारी पैसे भरू.

धाकटे काका: वेळ कुठली, ॲरिझोनाची की व्हेगासची? तिथे घड्याळं वेगळी आहेत असं वाचलंय.

दादा अमेरिका: मे महिन्यात दोन्हीकडे सारखीच काका. हिवाळ्यात तासाचा फरक पडतो.

आत्या (१०:२०): भाऊ, गुरुवारी किती वाजता आहे अपॉइंटमेंट? मी येते. मला समोर बसून विचारायचंय त्यांना. कंप चालेल का, उंचीचं काय, गोळ्यांची वेळ कशी ठेवायची, सगळं.

मोठे काका: सव्वाअकरा. दहाला घ्यायला येतो.

दादा अमेरिका: वजन राहिलेले चार जण.

आत्या: माझं तुला वेगळं पाठवलंय. इथे टाकू नकोस.