झूलॉजीनंतर वाइल्डलाइफ डॉक्युमेंट्रीत जायचंय, आधी लेन्स घेऊ की कोर्स करू?

माणदेशी_पोरगा:
नमस्कार मंडळी, बीएस्सी झूलॉजी शेवटचं वर्ष, गाव माण तालुक्यात (सातारा). वाइल्डलाइफ फिल्ममेकिंगच करायचं हे डोक्यात पक्कं बसलंय पण घरचे म्हणतात बीएड कर नाहीतर एमपीएससी दे. काका कॅमेऱ्याला पैसे द्यायला तयार आहेत, लांबचे प्राणी टिपणारी ६०० एमएम लेन्स घेऊन टाकू का? आणि पोट भरतं का यात खरंच?

रानभैरी:
लेन्स अजिबात नको!! मी कॅमेरा असिस्टंट आहे, महागडा गिअर आम्ही पण भाड्यानेच आणतो. अभयारण्यात शूटिंग म्हणजे मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी, वर फी, आणि परवानगी मिळाली तर मिळाली. पोटाचं विचारशील तर वर्षातले निम्मे दिवस लग्नं आणि कंपन्यांचे व्हिडिओ, तेच पैसे वेळेवर देतात.

पाणकावळा_ताई:
आधी प्राणी शिक रे, कॅमेरा नंतर येतो. देहरादूनच्या भारतीय वन्यजीव संस्थेत एमएस्सी आहे, बंगळुरूला एनसीबीएस या जीवशास्त्राच्या संशोधन संस्थेत पण आहे, सीट्स मोजक्या, एंट्रन्सची तयारी आत्ताच सुरू कर. आणि फिल्मने काही होत नाही असं कोणी म्हटलं तर त्याला वाइल्डलाइफ फिल्ममेकर माइक पांडेंचं काम सांग, गुजरातच्या किनाऱ्यावर व्हेल शार्क कसे मारतात ते त्यांनी २००० सालच्या फिल्ममध्ये दाखवलं आणि २००१ मध्ये हा मासा वन्यजीव कायद्याच्या शेड्यूल १ मध्ये, म्हणजे सगळ्यात कडक संरक्षणाच्या यादीत गेला. पण त्यासाठी बंदरावर मच्छीमारांमध्ये जाऊन बसावं लागतं, नुसता प्राणी शूट करून भागत नाही.

बीट_नंबर_चार:
एमपीएससीला नावं ठेवू नका हो, वनसेवेची परीक्षा पण तेच घेतात आणि झूलॉजीवाल्याला आरएफओ (वनक्षेत्रपाल) होता येतं. पगार मिळतो आणि जंगल पण.

रानभैरी:
@बीट_नंबर_चार जंगल कुठलं साहेब, मेलेल्या शेळ्यांचे पंचनामे मिळतात 😄

बीट_नंबर_चार:
ते पण आहेच. पण बिबट्याने शेळी नेली त्या घरात पहिला जो जातो त्याला संवर्धन म्हणजे काय ते कळतं, सफारीच्या जिप्सीतून नाही कळत.

पाणकावळा_ताई:
हे मात्र पटलं. आणि अरे पोरा, तू माणचा ना? तुमच्या माळावर लांडगा आहे, खोकड आहे. ताडोबाच्या वाघामागे शंभर कॅमेरे लागलेत, लांडगा आणि धनगर यांच्यावर माणदेशी बोलीत कोण काय करतंय? तिथे माळाचा बराच भाग अभयारण्यात येत नाही, तरी मालकाला आणि वनरक्षकाला विचारूनच जायचं. लांडग्याची पिल्लं असताना बिळाजवळ फिरकायचं नाही, मादी पिल्लं उचलून दुसरीकडे नेते, त्यात मरतात पण. आणि जागा रीलवर टाकलीस तर बघ.

माणदेशी_पोरगा:
लेन्स कॅन्सल 🙏 मामाच्या ओळखीत एक मेंढपाळ आहेत, लांडग्याने कोकरं नेल्याचं दरवर्षी सांगतात. त्यांच्यासोबत थोडे दिवस राहू का? सध्या मोबाईलच आहे फक्त.

रानभैरी:
मोबाईल चालतो, पण आवाजासाठी साधा कॉलरमाइक घे, माळावर वारा लय असतो. आणि आधी विचार वाडा (मेंढपाळांचा तळ) कुठल्या बाजूला हलणारे, नाहीतर तू जाशील आणि मेंढरं गेलेली असतील पुढच्या तालुक्यात.