अल्पवयीन आरोपीला जामीन: चूक कायद्याची की तो वापरणाऱ्यांची?

औंधकर:
पुण्यातल्या कल्याणीनगरच्या पोर्शे केसचा विषय निघाला की अजूनही पहिलं वाक्य तेच, ३०० शब्दांचा निबंध लिहायला लावून सोडला. १९ मे २०२४ च्या पहाटे पोर्शे कारने उडवल्याने बाईकवरचे दोन तरुण इंजिनिअर गेले, कार चालवणारा १७ वर्षांचा, आणि त्याच दिवशी अल्पवयीन आरोपींची प्रकरणं बघणाऱ्या बाल न्याय मंडळाने जामीन दिला. राग मलाही आला, आजही येतो. पण माझं मत असं की जामीन मिळाला हे चूक नव्हतं, ज्या घाईत आणि ज्या अटींवर दिला ते चूक होतं. २०१५ च्या बाल न्याय कायद्याचं कलम १२ बघा. गुन्हा जामीनपात्र असो नसो, मुलाला सोडायचं हाच नियम. नाकारायला कारणं तीनच: सुटल्यावर गुन्हेगारांच्या संगतीत जाईल, त्याच्याच जिवाला किंवा मनाला धोका होईल, नाहीतर न्यायाचा हेतूच हरेल. नाकारला तर कारणं नोंदवायची. गुन्हा भयंकर आहे एवढं एकच कारण त्यात कुठेच नाही.

वडगावशेरीचा बाप:
मग ते तिसरं कारण ठेवलंय कशाला? ससून रुग्णालयात त्या पोराच्या रक्ताचा नमुना बदलल्याच्या आरोपावरून डॉक्टरांना अटक झाली, आणखी न्यायाचा हेतू हरायचा तो कसा हरतो? माझा मुलगा रात्री शिफ्ट संपवून त्याच रस्त्याने बाईकवर घरी येतो, तो दारात येईपर्यंत डोळा लागत नाही. कलमं सांगून मला शांत करू नका.

औंधकर:
दादा, काळजी खरीच आहे तुमची. पण नमुन्याचं प्रकरण जामिनानंतर बाहेर आलं, आणि त्यात पकडले गेले ते सगळे वयाने मोठे. मोठ्यांनी केलेल्या गोष्टीसाठी पोराचा जामीन अडवायचा का?

वकील ताई, शिवाजीनगर:
थोडं सविस्तर लिहिते. तो रविवार होता, मंडळाच्या एकाच सदस्यासमोर हजर केलं आणि ऑर्डर झाली. लोक भडकल्यावर २२ मे ला मंडळाने त्याला निरीक्षणगृहात पाठवलं, पण आधीचा जामीन रद्द न करता. जामीन आहे आणि पोरगा आत आहे, हे कायद्यात बसत नाही, म्हणून २५ जूनला मुंबई हायकोर्टाने त्याला सोडून आत्याच्या ताब्यात दिलं. बरं, मोठ्यांसारखा खटला चालवा ही पोलिसांची मागणीही जुलै २०२५ मध्ये फेटाळली गेली. त्यासाठी वय १६ च्या वर हवं आणि गुन्ह्याला किमान ७ वर्षं शिक्षा हवी. या केसमधल्या सदोष मनुष्यवधाला कमाल शिक्षा मोठी आहे पण किमान ठरवलेलीच नाही, आणि असे गुन्हे मोठ्यांसारखा खटला चालवता येणाऱ्या वर्गात येत नाहीत हे सुप्रीम कोर्टाने २०२० मध्येच सांगितलंय.

मला खरी चीड येते ती दुसऱ्याच गोष्टीची. येरवड्याला मंडळासमोर एखादी आई बसलेली असते, धुणीभांडी करणारी, प्लॅस्टिकच्या पिशवीत रेशनकार्ड आणि पोराचा शाळेचा दाखला. पोरावर आळ मोबाईल चोरीचा. मुलाच्या घरच्या परिस्थितीची चौकशी करणाऱ्या परिविक्षा अधिकाऱ्याचा रिपोर्ट आला नाही म्हणून पुढची तारीख, बाई सुट्टी काढून पुन्हा येणार, कामावरचे पैसे कापले जाणार. कलम १२ त्या पोरालाही तितकंच लागू आहे हो, पण त्याच्यासाठी रविवारी कुणी वकील उभा राहत नाही.

सिंहगड रोड:
ताईंचं बरोबर आहे पण गेलेल्यांच्या आईबापांना कोण विचारतं? पोक्सोत, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराच्या कायद्यात, आरोपीने जामीन मागितला तर पीडित मुलाच्या घरच्यांना कळवून त्यांचं ऐकायलाच हवं असं मुंबई हायकोर्टाने २०२१ मध्ये सांगितलंय. मग बाल न्याय मंडळासमोर जीव गेलेल्याच्या घरच्यांना का नाही? त्या दोघांचे घरचे मध्य प्रदेशात, ते पुण्यात पोचायच्या आत जामीन होतो म्हणजे काय.

औंधकर:
हे शंभर टक्के मान्य. एक दिवस थांबले असते, पूर्ण मंडळ बसलं असतं, घरच्यांचं ऐकलं असतं आणि मग जामीन दिला असता तरी तो कायद्यातच बसला असता.

वडगावशेरीचा बाप:
घरच्यांचं ऐकून घ्या हे मलाही पटलं. आणि त्या मोबाईलवाल्या पोराला आधी सोडा, तेही पटलं. पण दोन जीव घेतल्यावर जास्तीत जास्त तीन वर्षं विशेष गृहात, हे नाही पटत, आणि पटणारही नाही. वय १७ असलं तरी गाडीचा वेग तर मोठ्या माणसाचाच होता ना.