दोन वंशांच्या मुलीची जनगणनेत नोंद कशी व्हावी?

कोथरूडकर (धागाकर्ता): माझी पुतणी अमेरिकेत असते आणि आमचे जावई कृष्णवर्णीय अमेरिकी आहेत. 2020च्या जनगणनेत तिने लेकीच्या नावापुढे 'एशियन इंडियन' आणि 'ब्लॅक' अशा दोन्ही ठिकाणी खुणा केल्या. ही मुभा तेथे 2000 सालापासून मिळाली. 1960च्या आधी प्रगणकच माणूस पाहून वंश लिहीत असे आणि 1930च्या सूचनांप्रमाणे कृष्णवर्णीय रक्ताचा अंश कितीही अल्प असला तरी 'निग्रो' हीच नोंद करायची होती. 1920 ते 1940च्या गणनांत तर आपल्याकडचे लोक 'हिंदू' नावाच्या वंशात जमा होत, मग माणूस शीख का असेना! बहुवंशीयांची संख्या 2010 मध्ये सुमारे 90 लाख होती, ती 2020 मध्ये 3 कोटी 38 लाख झाली, आणि या वाढीचा मोठा भाग प्रश्नाची मांडणी व उत्तरांचे संकेतन (लिहिलेली उत्तरे गटांत घालण्याची पद्धत) बदलल्यामुळे आहे. प्रश्न बदलताच माणसांचा वंश बदलत असेल, तर सरकारने तो विचारूच नये.

पर्वतीच्या पायथ्याशी: पूर्ण असहमत. फ्रान्सच्या जनगणनेत वंश विचारत नाहीत. त्यामुळे तेथील भेदभाव संपला नाही, तो आकड्यांनी दाखवणे मात्र अवघड झाले. आपल्याकडेही 1931 नंतर जनगणनेत सर्व जातींचे आकडे प्रसिद्ध झाले नाहीत, म्हणून मंडल आयोगाला 1980च्या अहवालात इतर मागासवर्गीयांचे 52 टक्के हे प्रमाण जवळपास पन्नास वर्षे जुन्या आकड्यांवरून काढावे लागले. न मोजण्याची किंमत ज्यांची मोजणी होत नाही तेच भरतात.

सदाशिव पेठ: खरा पेच मिश्र संततीचा आहे. आपल्या राज्यघटनेच्या 366व्या अनुच्छेदातील अँग्लो-इंडियनची व्याख्या केवळ पितृवंश पाहते. आंतरजातीय विवाहातील मुलांबाबत 2012 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वडिलांची जात हे गृहीतक अंतिम मानले नाही, मूल कोणत्या परिस्थितीत वाढले हेही पाहावे असे म्हटले. जातगणनेचा निर्णय 2025 मध्ये जाहीर झाला आहे, तेव्हा अशा मुलांसाठी दोन नोंदींची सोय मागायला हवी.

कोथरूडकर: मंडलचा मुद्दा मान्य. पण दोन खुणा करूनही आमची नात शेवटी 'दोन वा अधिक वंश' या एकाच गठ्ठ्यात पडते, तिथे दोन खुणांचा उपयोग काय?

पर्वतीच्या पायथ्याशी: त्या गठ्ठ्याखेरीज 'एकटा किंवा इतरांसह' अशीही कोष्टके तेथे प्रसिद्ध होतात; त्यांत ती दोन्हीकडे मोजली जाते. बेरीज लोकसंख्येपेक्षा जास्त भरते, एवढाच हिशेबनिसांचा त्रास.

कोथरूडकर: तो त्रास हिशेबनिसांनी खुशाल सोसावा. खुणा मात्र आईने केल्या आहेत. त्या बदलण्याचा हक्क नातीला असावा, एवढा माझा हट्ट कायम आहे.