जमैकन ऑक्सटेल घरी करायचंय, वाटण नसताना रस्सा एवढा दाट कसा येतो?

लंडनची_रेवा
नमस्कार मंडळी, ब्रिक्स्टनच्या जमैकन टेकअवेमधे मिळतं तसं ऑक्सटेल कोणी घरी केलंय का? म्हणजे गाईबैलाच्या शेपटीचे जाड तुकडे, काळपट तपकिरी रस्सा जो ओठांना चिकटतो, आणि त्यात ते मोठे पांढरे बटर बीन्स. पुढच्या रविवारी लेक होस्टेलवरून येतोय आणि त्याला तेच हवंय. बुचरकडून दीड किलो शेपटी तुकडे करून आणलीये. रेसिपी वाचायला बसले तर प्रत्येकाचं वेगळंच, कोणी केचप घालतं, कोणी शेवटी कॉर्नफ्लोअर लावतं, कोणी म्हणतं चार तास शिजवा तर कोणी म्हणतं कुकरमधे पाऊण तासात होतं. मटणाचा रस्सा मी नेहमी करते पण त्यात कांदा-खोबऱ्याचं वाटण असतं, इथे ते काहीच नाही, मग दाटपणा येतो कुठून? आणि ती ब्राउनिंगची बाटली आणावीच लागते का? स्कॉच बॉनेट मिरच्या किती घालायच्या तेही सांगा, नवऱ्याला तिखट सोसत नाही.

ब्रॅम्प्टनकर
रेवाताई, दाटपणा शेपटीतूनच येतो, बाहेरून काहीही घालायची गरज नाही. शेपटीत मणक्यांभोवती कुर्चा आणि चिवट पडदे भरपूर असतात, त्यातलं कोलॅजन मंद आचेवर तासन् तास राहिलं की त्याचं जिलेटिन होतं आणि रश्श्यात उतरतं. तुम्ही पाया सूप केलं असेल तर थंड झाल्यावर ते कसं थिजतं ते माहीत असेलच, अगदी तेच. म्हणून कॉर्नफ्लोअर प्लीज घालू नका, चव बोथट होते.

मी इथे कामावरच्या एका जमैकातल्या किंग्स्टनच्या बाईंकडून शिकलो, त्यांची पद्धत सांगतो. तुकडे व्हिनेगर किंवा लिंबाच्या पाण्यात धुवून कोरडे करायचे. मग मीठ, मिरपूड, चमचाभर ऑलस्पाइस (मिश्रण नाही, एका झाडाच्या वाळवलेल्या फळांची पूड), ठेचलेला लसूण, आलं, कांदा, पातीचा कांदा, ताज्या थाइमच्या (एक सुवासिक पाला) काड्या आणि थोडा सोया सॉस लावून रात्रभर फ्रीजमधे मुरवायचं. दुसऱ्या दिवशी कांदा-लसूण सगळा झटकून बाजूला ठेवायचा, नाहीतर तोच आधी करपतो. जाड बुडाच्या भांड्यात तेल चांगलं तापवून तुकडे थोडे थोडे टाकायचे, गर्दी केली की पाणी सुटतं आणि मांस भाजण्याऐवजी उकडतं. सारखं हलवू नका, खालची बाजू खरपूस झाली की तुकडा आपणहून बूड सोडतो, तेव्हाच उलटायचा. या कामाला वीस पंचवीस मिनिटं लागतात आणि सगळी चव इथेच ठरते, म्हणून घाई करू नका.

ब्राउनिंग म्हणजे जाळलेली साखरच, बाटली नसली तरी काही अडत नाही. छोट्या कढईत दोन चमचे ब्राउन शुगर मध्यम आचेवर ठेवा, आधी वितळते, मग लालसर होते, मग फेस येऊन धूर सुटायला लागतो आणि रंग जवळजवळ काळा होतो, त्या क्षणी अर्धी वाटी उकळतं पाणी घालायचं. लांब उभं राहून घाला, जोरात उडतं. लालसर असतानाच थांबलात तर नुसती गोड होते, आपल्याला तो किंचित कडवटपणा हवाय. मग भांड्यातलं जास्तीचं तेल काढून बाजूला ठेवलेला कांदा परता, तुकडे, साखरेचं पाणी आणि जेमतेम बुडेल एवढंच गरम पाणी घाला, बुडाला चिकटलेलं सगळं उलथन्याने खरवडून सोडवा, आणि झाकण ठेवून एकदम मंद आचेवर तीन ते साडेतीन तास. ओव्हन असेल तर १५० डिग्रीला ठेवा, बुडाला लागायची भीती राहत नाही.

मिरची एकच, अख्खी, वरून ठेवायची आणि फुटू द्यायची नाही. तिचा फळासारखा वास उतरतो पण जाळ उतरत नाही. नवऱ्यांसाठी तासाभराने काढून टाका.

कुकरप्रेमी_मीनल
कुकरला नावं ठेवू नका हं कोणी, खुद्द जमैकातसुद्धा घरोघरी ऑक्सटेल प्रेशर कुकरमधेच लावतात, गॅस केवढा वाचतो. फक्त भाजायची पायरी गाळायची नाही आणि पाणी निम्मंच घालायचं कारण कुकरमधे आटत नाही. पहिली शिट्टी झाली की आच बारीक करून चाळीस-पंचेचाळीस मिनिटं, शिट्ट्या मोजत बसू नका. वाफ आपोआप जिरू द्या, चमच्याने शिट्टी उचलून काढली तर मांस आखडतं. आणि मुख्य म्हणजे नंतर झाकण काढून वीस मिनिटं तरी उघडं आटवा, तेव्हा कुठे अंगाबरोबर रस्सा होतो. कुकरचं पातळ होतं अशी तक्रार करणारे बहुतेक ही शेवटची पायरीच करत नाहीत.

पोर्ट_ऑफ_स्पेन_रिटर्न
ट्रिनिदादची पद्धत जरा वेगळी आहे तीही सांगतो. तिथे साखर वेगळी जाळत नाहीत, त्याच भांड्यात तेलात जाळतात आणि फेस आला की मुरवलेलं मांस थेट त्यात टाकून घोळवतात, प्रत्येक तुकड्याला रंग चढतो. मसाल्यात शाडो बेनी घालतात, लांब पानांची, कोथिंबिरीच्याच वासाची पण जास्त उग्र. मला ही जास्त आवडते कारण एकच भांडं लागतं आणि कडवट-गोड चव मांसात मुरते. रेवाताई, सोबत राइस अँड पीज करा, म्हणजे नारळाच्या दुधात राजमा, थाइम आणि ऑलस्पाइस घालून शिजवलेला भात. जमैकात ख्रिसमसला तर राजम्याऐवजी गुंगो पीज घालतात, ते म्हणजे आपले तुरीचे दाणेच. कोकणातल्या माणसाला हा भात पहिल्या घासात आपला वाटेल.

वसईची_सूनबाई
महाराष्ट्रात २०१५ पासून बैलाचंही मांस बंद आहे त्यामुळे इथे म्हशीचीच शेपटी मिळते, ती जास्त चिवट, कुकरमधे तास-सव्वा तास लागतो, पण रस्सा मस्त चिकट होतो. ऑलस्पाइस मिळाला नाही तर लवंग, दालचिनी आणि चिमूटभर जायफळ एकत्र कुटून घालते, अगदी तसं नाही होत पण जवळ जातं. मिरचीला मात्र पर्याय सापडला नाही, लवंगी घातली तर तिखट होतं पण तो वास येत नाही.

लंडनची_रेवा
केवढं छान सांगितलंत सगळ्यांनी! ओव्हनच करते मग. दोन शंका राहिल्या, बटर बीन्स कधी घालायचे आणि वर जो चरबीचा तवंग येतो त्याचं काय करायचं?

ब्रॅम्प्टनकर
तवंगासाठी सोपा उपाय, शनिवारीच शिजवून टाका. रात्रभर फ्रीजमधे ठेवलं की चरबी वर घट्ट पांढरी साय धरते, सकाळी चमच्याने अख्खी उचलून निघते, आणि खालचा रस्सा थिजलेला दिसला तर घाबरू नका, गरम झाला की परत सैल होतो. चवही दुसऱ्या दिवशीच खरी लागते. बीन्स डब्यातले असतील तर रविवारी गरम करताना शेवटची पंधरा मिनिटं, पाणी निथळून घाला, आधी घातले तर त्यांचा लगदा होतो. तीन-चार बीन्स मुद्दाम चमच्याने चेचून रश्श्यात मिसळा. मीठ अगदी शेवटी बघा, सोया सॉसचं मीठ आटल्यावर वर येतं.